मधल्या खोलीतला रोजचा हार

॥ श्री ॥

चिंच लावलेली भांडी अर्धवट पडली आहेत ओट्यावर. निरांजन, ताम्हन आणि घंटा उजळून झाली. समया आणि कलश अजून काळेच. उद्या घट बसायचे, तेव्हा आज हे उरकायलाच हवं होतं, पण मधेच हात धुतले आणि वही घेऊन बसले. आजचं आज लिहिलं नाही तर उद्या माझाच माझ्यावर विश्वास बसायचा नाही.

तसं हे लिहायचं कबूल करून महिना झाला. हिमायतनगरला आपल्या मंडळाच्या हॉलमध्ये दिवाळीनंतर शिवराजचा सिनेमा दाखवणार आहेत, आणि अंकात त्याचा परिचय हवा आहे. शिवराज म्हणाला, "काकू, तुम्ही लिहा. सिनेमात सगळं मीच केलंय. निदान माझ्याबद्दल तरी दुसऱ्या कुणी लिहू दे."

म्हटलं, "अरे, मला कुठं लिहिता येतं? मी आपली दूध किती घेतलं, पोथीचा कितवा अध्याय झाला, एवढं टिपून ठेवते."

"तेच पाहिजे," म्हणाला.

तर शिवराज नामदेवराव बिरादार. जन्म इथलाच, काचीगुड्याचा. वय अडतीस. घराणं उदगीरकडचं, शेतकऱ्यांचं. आजोबा निजामाच्या काळात इकडे आले, वडील नामदेवराव रेल्वेच्या पार्सल ऑफिसात होते. आमच्या समोरचंच दार त्यांचं. आता घरात शिवराज आणि त्याची आई, त्रिवेणीताई, दोघंच.

नामदेवराव गेले तेव्हा पोरगं चौदाचं होतं. तेरावं होऊन आठवडा झाला असेल. भर दुपारी मी आणि त्रिवेणीताई त्यांच्या घरी शेंगा फोडत बसलो होतो. दारावर थाप पडली आणि बाहेरून आवाज आला, "अगं ए, कडी लावून झोपलीस की काय?" नामदेवरावांचा आवाज. मागून तो त्यांचा खोकलाही, दोनदा, अडकून अडकून. माझ्या हातातलं सूप पालथं झालं. त्रिवेणीताई उठल्या, दार उघडलं. बाहेर शिवराज, पाठीवर दप्तर.

त्यांनी त्याच्या थोबाडीत मारली. मग तिथंच उंबऱ्याशी बसल्या. बराच वेळ बसल्या आणि म्हणाल्या, "परत म्हण."

तो परत म्हणाला. खोकल्यासकट.

पुढं वर्षभर त्या कधीमधी त्याला म्हणायला लावायच्या. नंतर थांबल्या. पण शिवराजची पहिली भूमिका कुठली असं कुणी विचारलं तर मी हीच सांगेन, कारण तिच्या प्रेक्षकांत मी होते.

कॉलेज अर्धं करून त्यानं लग्नाच्या व्हिडिओवाल्याकडे काम धरलं. सुलतान बाजार, बरकतपुरा, सिकंदराबाद, जिथं मंडप तिथं हा. पाठवणीच्या वेळी नवरीकडच्यांबरोबर तोही रडायचा, पण कॅमेरा हलायचा नाही. चार वर्षांनी स्वतःचा कॅमेरा आला आणि मग हे खूळ डोक्यात शिरलं. पंधरा मिनिटांचा, वीस मिनिटांचा सिनेमा, सगळं एकट्यानं. लिहायचं त्यानंच, दिवे लावायचे त्यानंच, कपडे इस्त्री करायचे त्यानंच, कॅमेरा स्टँडवर उभा करायचा आणि धावत जाऊन समोर उभं राहायचं तेही त्यानंच. पुरुष, बायका, म्हातारे, सगळे आवाज त्याचे. मी विचारलं होतं, "दोन माणसं घे की मदतीला." तर म्हणाला, "माणसं आली की त्यांच्या वेळा येतात, काकू. आणि मला दुसऱ्याला सांगता येत नाही. करून दाखवता येतं."

पहिला सिनेमा पाहायला आम्ही धरून बारा जण होतो. शेवटी नावं आली. लेखन शिवराज बिरादार, छायाचित्रण शिवराज बिरादार, असं अकरा वेळा. आमचे हे, केशवराव, मोठ्यानं म्हणाले, "आभार तरी दुसऱ्या कुणाचे मान रे बाबा!" सगळे हसले. शिवराजही हसला. पुढच्या सिनेमात बारावी ओळ आली, चहा आणि खोली, केशवराव. ह्यांनी ती ओळ सगळ्या नातेवाइकांना फोनवरून ऐकवली.

तिथून आमची मधली खोली त्याच्या सिनेमांत शिरली. तिला तीन दारं, आणि खिडकीतून चारपर्यंत सारखा उजेड. आता जो दाखवणार आहेत तो त्याचा पहिला मोठा सिनेमा, दीड तासाचा. नाव ‘मधली खोली’. पाच भाऊ. थोरला वारलेला, त्याचा हार घातलेला फोटो भिंतीवर. उरलेले चौघं त्या फोटोसमोर बसून जेवतात, भांडतात, वाटणीचं बोलतात. पाचही शिवराज.

एकाच माणसानं दोन भाऊ समोरासमोर कसे करायचे? कॅमेरा एका जागी घट्ट ठेवायचा, जमिनीवर खडूनं खुणा करायच्या. आधी एक भाऊ होऊन बोलायचं, मग कपडे बदलून दुसऱ्या खुणेवर उभं राहून उत्तर द्यायचं. बोलताना बघायला काहीतरी हवं, म्हणून मी समोर लाटणं धरून उभी राहायची. लाटण्याच्या टोकाला झेंडूचं फूल बांधलेलं, बरोबर दुसऱ्या भावाच्या डोळ्यांच्या उंचीवर. तो फुलाकडे बघून ओरडला, "मग आईला कोण सांभाळणार, सांग ना!" आत जाऊन मिशी लावून आला, मी होते तिथं उभा राहिला, मी त्याच्या खुणेवर. आणि त्यानं फुलाला उत्तर दिलं. मघाच्या प्रश्नाचा राग त्याच्या तोंडावर जसाच्या तसा चढला होता. मधे पाऊण तास गेला होता.

दोन दिवसांनी त्यानं ते जोडून दाखवलं. दोन सख्खे भाऊ एकमेकांच्या अंगावर धावून जात होते. मी म्हटलं, "अरे, मी सबंध दुपार तिथं उभी होते. मी कुठं गेले?"

"तुम्हाला पुसलं, काकू."

त्या खुणा सिनेमा संपेपर्यंत पुसायच्या नव्हत्या. काहीच हलवायचं नव्हतं. खुर्ची हलली की एका भावाला दिसलेली खुर्ची दुसऱ्याला दिसत नाही, असं तो म्हणायचा. मी खुणा वगळून केर काढायचे. दुपारी एकटी असले की त्या खुणांवर पायही द्यायचे नाही. पाय द्यावासा वाटायचा नाही, एवढंच.

आता फोटोचं.

चौघा भावांना दाढ्या, मिशा, केसांचे टोप. मेलेल्या थोरल्याला काहीच नको, शिवराज म्हणाला, तो मी आहे तसाच बरा. निळा शर्ट घालून, थोडं हसून काढलेला स्वतःचा फोटो त्यानं फ्रेम करून आणला, मधल्या खोलीच्या भिंतीवर लावला, वर हार. मी लगेच म्हटलं, "जित्या माणसाच्या फोटोला हार घालू नये रे."

"सिनेमा आहे, काकू. फक्त आईला दिसू देऊ नका." त्यासाठी पडदा लावून दिला त्यानं. शूटिंग नसलं की पडदा ओढायचा.

हार मात्र प्रत्येक वेळी पहिल्या दिवसासारखा ताजा हवा, मोगऱ्याचा, हातभर. समोर निरांजनही. तो कधी येईल नेम नसायचा. लग्नाचं काम सुटलं की दुपारी अकरालाही फोन यायचा, काकू, येतोय. म्हणून मी रोज सकाळीच हार आणून ठेवू लागले. देवपूजा झाली की तोच गंधाचा हात, तीच फुलांची परडी, तोच दिवा. तिथून मधल्या खोलीत.

कोपऱ्यावरची मल्लम्मा एक दिवस हार बांधता बांधता म्हणाली, "अम्मा, रोज हार लेके जारे. कौन गुजर गए जी?"

मी म्हटलं, "कोई नै मल्लम्मा. पिच्चर के वास्ते."

तिनं दोरा दातानं तोडला. "पिच्चर में भी नक्को अम्मा. फोटो कू क्या मालूम?"

घरी येऊन मी वही चाळली. रोजच्या पानावर माझ्याच अक्षरात होतं. दूध दोन. अध्याय अमुक. शिवराजचा हार, मोगरा. मागची चार महिन्यांची पानं पाहिली. एकही दिवस सुटला नव्हता. शूटिंग झालं होतं नऊ दिवस.

देवळातल्या गुरुजींना विचारलं. म्हणाले, "खेळात केलेलं लागत नसतं हो ताई." पण मी खेळात करत नव्हते. गंध लावताना मी डोळे मिटत होते, हे मी गुरुजींना सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी ठरवून हार आणला नाही. दुपारी तीनपर्यंत घरात हात लागेना कशाला. शेवटी अंगणातली चार फुलं ओवून घातली, तेव्हा भाकरी घशाखाली उतरली.

मग फाल्गुनातली ती दुपार. त्रिवेणीताई वाटी परत द्यायला आल्या आणि सवयीनं थेट आत गेल्या. मी निरांजन लावलं होतं, म्हणून पडदा बाजूला होता. चूक माझी. ती मी इथं लिहून ठेवते.

मी मागून पोचले तेव्हा त्या फोटोसमोर उभ्या होत्या. रडल्या नाहीत. वाटी हातात तशीच. म्हणाल्या, "कधी?"

"अहो ताई, सिनेमासाठी आहे ते! शिवराज सिकंदराबादला गेलाय कामाला, येईल संध्याकाळी."

"हौ," म्हणाल्या. मान हलवली. वाटी खाली ठेवली, फोटोला हात जोडले आणि घरी गेल्या.

संध्याकाळी शिवराज आला, चप्पल काढून आत गेला. त्रिवेणीताईंनी त्याला खालपासून वरपर्यंत पाहिलं. पदर सारखा केला आणि म्हणाल्या, "आपण कोण?"

त्याला वाटलं, आई थट्टा करतेय. तोही म्हणाला, "मी पाहुणा."

"बसा की पाहुणे. चहा टाकते."

चहा झाला, जेवण झालं, त्यांनी पाहुण्यासाठी बाहेरच्या खोलीत सतरंजी घातली, तेव्हा तो आमच्याकडे आला. "काकू, आई मला आपण म्हणतेय."

डॉक्टरांना दाखवलं. ते म्हणाले, मेंदूचा आजार आहे, वयानं होतो, सगळं ओळखतील आणि जवळचं एक माणूस ओळखणार नाहीत, असं होतं कधी कधी. गोळ्या दिल्या. मला ओळखतात, ह्यांना ओळखतात, मल्लम्माचा भाव लक्षात आहे. शिवराजचंच तेवढं.

त्यानं काय काय केलं! शाळेतले फोटो दाखवले. कोपरावरचा भाजल्याचा डाग दाखवला. त्रिवेणीताईंनी डागावरून बोट फिरवलं. "चांगला केलाय. माझा लेक पण असंच करायचा. एकटा पाच-पाच माणसं करायचा. म्हाताऱ्याच्या हातावरच्या शिरासुद्धा काढायचा."

"आई, माझा आवाज ऐक ना."

"आवाज बरोबर काढता हो तुम्ही. शिवराज पण असाच काढायचा, आपल्या बापाचा."

मी तिथंच होते. त्यानं शाळेतले फोटो गोळा करून पाकिटात भरले.

मी फोटो उतरवून कपाटात ठेवला. भिंतीवर चौकोनी फिकट डाग राहिला. दुसऱ्या दिवसापासून त्रिवेणीताई रोज अकराला यायच्या, त्या डागासमोर हात जोडून उभ्या राहायच्या. चौथ्या दिवशी मला म्हणाल्या, "माझ्या लेकाला कुठं ठेवलंय तुम्ही?" हे म्हणाले, लाव बाई तो परत. लावला. हार पुन्हा सुरू झाला. गेले सहा महिने आम्ही दोघी मिळून घालतो. पलीकडे शिवराज एखाद्या भाडेकरूसारखा आपल्याच घरात राहतो. भाजी आणून देतो, गोळ्या देतो. त्या म्हणतात, "तुमचे उपकार आहेत." तो मला एकदाच म्हणाला, "मला सिनेमा नको, काही नको. तिनं एकदा अरे म्हणावं."

आणि आज सर्वपित्री.

आठवड्यापूर्वी त्रिवेणीताईंनी विषय काढला. शिवराजच्या नावानं पान वाढायचं, त्याच्या वयाचा एक माणूस जेवू घालायचा. ज्याची तिथी माहीत नसते त्याचं सर्वपित्रीला करतात. "मला तर कुणी तिथी सांगितलीच नाही," माझ्याकडे बघून म्हणाल्या. मग शिवराजकडे वळल्या. "पाहुणे, तुम्ही त्याच्याच वयाचे दिसता. याल का जेवायला?"

तो म्हणाला, "येतो."

मी त्याला स्वयंपाकघरात ओढलं. "वेडा झालास? जित्या माणसानं आपल्याच नावाच्या पानावर बसायचं? फोटोचं एक पाप माझ्या माथ्यावर आहे, हे दुसरं नको."

"काकू, सात महिन्यांत तिनं मला काही मागितलं नाही. आज मागितलं."

आज सकाळी तो स्टँड आणि कॅमेरा घेऊनच आला. सिनेमाचा शेवटचा प्रसंग राहिलाय, भाऊ मिळून फोटो उतरवतात तो. जेवणानंतर करू म्हणाला, उजेड चारपर्यंत आहे. खाली आवारात तेलुगू शेजारणी बतुकम्माची फुलं रचत होत्या. त्यांच्या नऊ दिवसांच्या फुलांच्या सणाचा आज पहिला दिवस. गाणी जिन्यातून वर येत होती.

आधी ह्यांनी माझ्या सासऱ्यांचं पान गच्चीवर ठेवलं. काचीगुड्यात कावळा आता दिसतो कुठं? नुसती कबुतरं. तासभर झाला, हे छत्री घेऊन उभे, पान तसंच. मग त्रिवेणीताई शिवराजचं पान घेऊन वर आल्या. खीर, वडे, आणि त्याला आवडते म्हणून खट्टी दाल, शेंगदाण्याची चटणी. त्यांनी पान टेकवलं, हात अजून पानाला होता, आणि कावळा आला. सासऱ्यांच्या पानावरून उडत येऊन शिवराजच्या वड्यावर बसला.

ह्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी त्यांच्याकडे पाहिलं नाही.

त्रिवेणीताईंचा चेहरा असा सैल पडला की काय सांगू. "जेवला गं माझा लेक," म्हणाल्या.

खाली मधल्या खोलीत पाट मांडला होता. शिवराज बसला. पाट थोरल्या भावाच्या फोटोखालच्या मोकळ्या जागेत होता. तिथं खडूची खूण नव्हती, कारण त्या जागी सिनेमात कुणी बसत नाही. वर हारातला तो, खाली पाटावर हा. निळा शर्ट तोच. मुद्दाम घातलास का, हे विचारायचं मला धैर्य झालं नाही. त्रिवेणीताई वाढत होत्या आणि फोटोकडे बघून सांगत होत्या, त्याला दाल वरून लागते, त्याला दुसरा वडा विचारायचा नसतो, वाढायचाच. तो मान खाली घालून जेवत होता. दुसरा वडा वाढला, त्यानं खाल्ला.

पान संपलं. त्या त्याच्यासमोर जमिनीवर बसल्या. पहिल्यांदाच सरळ त्याच्या तोंडाकडे बघून बोलल्या.

"पाहुणे, एक सांगते, राग मानू नका. माझा लेक आज जेवून गेला. आता त्याची काळजी नाही. पण घर खायला उठतं. तुम्ही त्याचं काम फार चांगलं करता. उठणं-बसणं, बोलणं, सगळं त्याचंच. तर तुम्हीच करत जा. रोज. मी खोटं म्हणणार नाही."

शिवराजच्या बोटांना दाल तशीच होती. "करतो," म्हणाला.

"मग मला आपण-तुम्ही करता येणार नाही. त्याला मी अरे-तुरे करायची. चालंल?"

"चालेल."

बतुकम्माच्या टाळ्या ऐकू येत होत्या. त्यांनी हात पुढं केला आणि त्याच्या कपाळावरचे केस मागे सारले. "हात धू रे, शिवा. आणि घरी येताना दूध आण."

तो मोरीशी गेला आणि बराच वेळ नळ चालू ठेवला.

त्या गेल्यावर मी म्हटलं, "उजेड आहे अजून. करणार ना शेवटचं?" तो स्टँडचे पाय एकेक करून मिटत होता. "नाही. फोटो भिंतीवर आहे तिथंच सिनेमा संपेल. तो उतरवला आणि तिनं पाहिलं, तर माझं काम जाईल."

"परिचयात मग काय लिहू?"

"घडलं ते लिहा. सगळं छापा, मी सांगतो मंडळाला." दाराशी थांबला. "काकू, हार चालू ठेवाल ना?"

"किती दिवस?"

"ती आहे तोवर."

खडूच्या खुणा मात्र पुसायला सांगून गेला. चार खुणा मी ओल्या फडक्यानं पुसल्या. पाटाखालची फरशी स्वच्छच होती, तरी तिथं फडकं फिरवलं नाही.

आता रोज असं व्हायचं. देवापुढं दिवा लावून मी म्हणणार, शिवराजला शंभर वर्षं आयुष्य दे. आणि त्याच हातानं उठून त्याच्या फोटोला गंध लावणार, हार घालणार. देवाला यातलं कोणतं पोचतं, मला कळत नाही. आज कावळ्याला कोणतं पोचलं ते मी पाहिलं आहे. म्हणून उद्यापासून पोथीचा एक अध्याय जास्तीचा, त्याच्या नावानं.

भांडी आल्यावर घासीन. बतुकम्मामुळे आज फुलं लवकर संपतात, पाचनंतर मल्लम्माकडे देठही उरायचे नाहीत. पिशवी घेतली आहे. कोपऱ्यावर जाऊन शिवराजचा उद्याचा हार आणायचा आहे.